मन्ही आंडेर

आई, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली आणि तुमची सून तुम्हाला पहिलं पत्र आज लिहायला बसलीय. तुम्ही होतात तेव्हा रविवारी फोन करायचे, तोही स्पीकरवर टाकून, पोळ्या लाटता लाटता. त्यामुळे तुम्हाला लिहायची सवय नाही. काही वेडंवाकडं झालं तर चालवून घ्या. माझं तुम्ही तसं पुष्कळ चालवून घेतलंत.

निमित्त तुमच्या नातीचं आहे. ती आता चौदाची झाली, माझ्याहून उंच आणि माझ्याहून फटकळ. मराठी सगळं कळतं, पण उत्तर जर्मनमध्ये. मला अजून इथल्या पोरांसारखं 'मामा' म्हणते. ते ऐकून तुम्ही पदर तोंडाला लावून किती हसायचात, "भाऊ नही, आईच शे ती" म्हणायचात. गेले काही महिने तिला चोक्टॉ आणि चिकसॉ या अमेरिकेतल्या मूळच्या लोकांच्या पुस्तकांनी पछाडलंय. "हे काय रेड इंडियनांचं नवीन खूळ?" असं मी एकदाच म्हणाले, तर मला असं झापलं की विचारू नका. त्यांना असं म्हणत नाहीत, आणि तू स्वतः भारतीय असून तुला कळू नये? इथे एर्लांगेनच्या लायब्ररीतून तिने त्यांच्या शब्दांचं चित्रमय पुस्तक आणलं, त्यांच्या जुन्या गोष्टी आणल्या, आणि एक कादंबरी, ज्यात एक चोक्टॉ मुलगी सुट्टीभर आजीकडे राहते आणि परत येते ती मोठी होऊनच. जेवताना आमची शिकवणी चालते. चोक्टॉत चांगल्याला 'चुकमा' म्हणायचं, चिकसॉत 'चोकमा'. दोन भाऊ होते, चालता चालता वेगळे झाले, त्यांच्या या दोन जमाती, अशी त्यांची कथा आहे. तुमचा मुलगा वरणभात कालवत "चुकमा, चुकमा" करतो आणि ती खूश होते. हा सगळा प्रकार मला गमतीचाच वाटत होता, कालपर्यंत.

काल शनिवार. दुपारी जेवण आटपत आलं तेव्हा ती त्या कादंबरीतला एक भाग आम्हाला वाचून दाखवत होती. त्या आजीला लहानपणी वसतिगृहाच्या शाळेत घातलेलं असतं. तिथे आपल्या भाषेत बोललं की शिक्षा. म्हणून मोठेपणी ती आपल्या लेकीशी त्या भाषेत एक अक्षर बोलत नाही. वाचता वाचता तुमची नात थांबली आणि तुमच्याबद्दल, तिच्या ओमाबद्दल, तिने बाबाला विचारलं, "ओमाची भाषा मराठीच होती ना?" तुमचा मुलगा म्हणाला, "अहिराणी. आमच्या धुळ्याकडची." "तुला येते?" "कळते गं." "आणि मला का नाही येत? कोणी बंद केली? इंग्रजांनी?" आई, मी ताक आणायला उठले. ताक कोणालाच नको होतं.

तुम्ही आमच्याकडे राहायला आलात तो उन्हाळा माझ्यासमोर उभा राहिला. ती साडेतीन वर्षांची आहे. तुम्ही ठेच्यासाठी मिरच्या भाजताय, छतावरचा धुराचा अलार्म बोंबलतोय, तुम्ही त्याला लाटणं दाखवून दम देताय आणि ती टाळ्या पिटतेय. "ये व माय, आठे बठ" म्हणत तुम्ही तिला ओट्यापाशी स्टुलावर बसवता. बोलता बोलता तिचं नाव तुम्ही टाकूनच दिलंय. उठता बसता 'मन्ही आंडेर', माझी पोर. ती तुमच्यामागे अहिराणीत बडबडते, मध्येच जर्मन घालते, आणि तुम्हा दोघींना सगळं कळतं. कळत नाही ते मला. मी पुण्याची, मराठीत कायम पहिली आलेली, माझ्याच स्वयंपाकघरात परकी. मला राग यायचा. तेव्हा मी त्याला काळजी म्हणत होते.

त्याच आठवड्यात तिच्या बालवाडीतल्या बाईंनी मला विचारलं, घरी किती भाषा बोलता? त्या सहज विचारत होत्या, कौतुकानेच. मी म्हणाले, दोन, मराठी आणि इंग्रजी. तुमची मी मोजलीच नाही. आणि घरी येऊन तुम्हाला सांगितलं, "आई, तिच्याशी जरा शुद्ध बोलत जा ना. तिचा आधीच गोंधळ होतोय, बाई पण म्हणत होत्या." बाई असं काही म्हणाल्या नव्हत्या. तुम्ही गॅसकडे बघत "बरं" म्हणालात. तुमचा मुलगा तिथेच कांदा चिरत होता. तो चिरतच राहिला, ते त्याचं त्याच्यापाशी.

त्यानंतर तुम्ही शुद्ध बोलायला लागलात. "बाळा, तुला दूध हवे आहे काय?" अगदी रेडिओवरच्या बातम्यांसारखं. ती तुमच्याकडे टकामका बघायची आणि खोटं खोटं हसायची, तुम्ही कसलातरी खेळ काढलाय असं समजून. मग हळूहळू तुम्ही बोलणंच कमी केलंत. बाल्कनीत उभ्या राहून बहिणीशी फोनवर तेवढं मोठमोठ्याने बोलायचात, आणि काचेच्या दारावर हात टेकून ती ऐकत राहायची. मी तुमच्या मुलाला म्हणाले, आई रुसल्यात. तुम्ही रुसला नव्हता. तुम्ही माझं ऐकत होता. परत गेलात आणि वर्ष पुरं व्हायच्या आत वारलात.

ताक घेऊन मी टेबलाशी आले तर ती म्हणत होती, "मला ओमाचा एकच शब्द आठवतो. ती मला 'आंडरे' म्हणायची." जर्मनमध्ये 'आंडरे' म्हणजे दुसरी, वेगळी. तिचं म्हणणं असं की धुळ्याचा चुलतभाऊ तुमचा खरा नातू, तुमच्या मांडीवर वाढलेला, आणि ही ती दुसरी, जर्मनीतली. तिने ते तक्रार म्हणून सांगितलं नाही. इतकी वर्षं असंच धरून चालली होती, एवढंच. मी म्हणाले, "अगं नाही, आंडरे नाही, आंडेर. आंडेर म्हणजे मुलगी. मन्ही आंडेर, माझी मुलगी." तिने तो शब्द स्वतःशी दोनदा म्हणून पाहिला. 'ड' अगदी तुमच्यासारखा निघाला. तिचे डोळे भरले, आणि मला वाटलं, झालं, सुटले मी.

मग तिने विचारलं, "पण ती नंतर मला असं म्हणायची थांबली. मला आठवतंय. का थांबली?"

आई, मी म्हणाले, "वय झालं होतं ना गं ओमाचं. विसरायला लागली होती."

तुमच्या मुलाने मान वर करून माझ्याकडे पाहिलं आणि पुन्हा ताटात घातली.

आता रविवारची सकाळ आहे. उद्या तिला वर्गापुढे बोलायचंय, त्या पुस्तकांवर आणि तुमच्यावर. बंद दाराआड तिची तालीम चाललीय. ती चोक्टॉ आजीबद्दल सांगते, शाळेतल्या शिक्षेबद्दल सांगते, मग आवाज जरा खाली आणून म्हणते, माझ्या ओमाला मात्र कोणी मनाई केली नव्हती, ती म्हातारपणी आपली भाषा विसरून गेली. ते वाक्य तिला आवडलेलं दिसतंय, परत परत म्हणतेय. उद्या सगळा वर्ग ते ऐकणार. आपल्या आईला, म्हणजे मला, ती एका शब्दाने कुठे आणत नाही.

तुम्ही काही विसरला नव्हता. तुम्हाला बहिणीच्या शेजारणीच्या म्हशीचं नावसुद्धा पाठ होतं. हे सांगायला तिच्या दारापर्यंत चार पावलं जायचंय. मी दोनदा उठले आणि दोनदा येऊन बसले. ती सोळा आणे तुमच्यावर गेलीय, पण एका बाबतीत नाही. ती "बरं" म्हणून गप्प बसणार नाही. म्हणून मी तुम्हाला लिहितेय. तुम्ही मला काही बोलणार नाही, हे मला माहीत आहे.