काडी पेटेपर्यंतचा काळोख

मी, मुरलीधर रामचंद्र ओगले, वय चौऱ्याहत्तर, राहणार ईलिंग, लंडन, जन्मभर सिनेमाचा कॅमेरामन आणि एकदाच दिग्दर्शक, हे मृत्युपत्र कोणाच्याही दडपणाशिवाय लिहीत आहे. गुडघे गेले आहेत, डोके शाबूत आहे आणि राग तर ठणठणीत आहे. यापूर्वीचे मृत्युपत्र रद्द समजावे. सॉलिसिटरच्या इंग्रजी मसुद्यात भांडायला जागा नव्हती, म्हणून मराठीत लिहिले. भाषांतर त्याने करून घ्यावे.

१. राहते घर व बँकेतील शिल्लक माझी मुलगी निवेदिता हिला मिळावी. ती बेसिंगस्टोकला असते, घर विकणार हे मला ठाऊक आहे. खुशाल विकावे. स्वयंपाकघरातले पडदे मात्र तिच्या आईने, माझ्या दिवंगत पत्नी मधुमतीने शिवलेले आहेत, ते काढून न्यावेत.

२. प्रकाश मोजायचा माझा लाइट मीटर कोणत्याही फिल्म स्कूलला द्यावा, पण जयंत दामल्याला देऊ नये. त्याचे सगळे चित्रपट मी टिपले. उजेड माझा, मुलाखती त्याच्या. मी दिग्दर्शन करतो म्हटल्यावर हा चारचौघांत म्हणाला, "मुऱ्या, कॅमेरामननं कॅमेऱ्यामागंच राहावं. माणसं कळायला लेन्स पुरत नाही." तेव्हापासून आमचे बोलणे नाही. मी त्याला माफ केलेले नाही.

३. माझा मेहुणा व माझ्या चित्रपटाचा निर्माता गिरीश याला त्यानेच काढलेल्या डीव्हीड्या परत द्याव्यात. दुसरे काही नाही.

कारण सांगतो. चित्रपटात साउथहॅम्प्टनच्या एका खोलीत विजेच्या मीटरमध्ये टाकलेले नाणे संपून दिवा जातो आणि शेजारीण अंधारात काडेपेटी शोधते, असा प्रसंग होता. शेजारणीचे काम करणारी नटी आलीच नाही. मधुमती रोज नटांच्या जागी बसायची, मी प्रकाश लावेपर्यंत. तिलाच उभी केली. बराच वेळ पडदा काळा, नुसती चाचपड ऐकू येते. मग काडी पेटते आणि मधुमती हसते. मी आयुष्यात टिपलेला सर्वांत चांगला शॉट तो.

गिरीश म्हणाला, "भावजी, लोक तिकीट काढून अंधार बघणार का?" आणि लॅबला सांगून सगळ्या प्रती उजळ करून घेतल्या. त्यात मधुमती पहिल्यापासून लख्ख दिसते. भर उजेडात ही बाई काडी का शोधते आहे, असे लोक हसत विचारतात. चित्रपट पडल्यावर "तुमचा काळोख तुम्हीच सांभाळा" म्हणून त्याने निगेटिव्ह आणि हक्क मला लिहून दिले. आता त्याला नवी डीव्हीडी काढायची आहे. निवेदिताही म्हणते, "बाबा, देऊन टाका ना मामाला. गॅरेजमध्ये स्पेस तरी होईल." पोरी, त्या डब्यांत तुझी आई आहे.

४. म्हणून शेवटचे कलम. मूळ निगेटिव्ह, सर्व हक्क आणि मी माझ्या मनासारखी काढून घेतलेली एकुलती एक प्रत.

ती प्रत मी एकदाच दाखवली, इथल्या मराठी मंडळाच्या हॉलमध्ये. मधुमती जाऊन तेव्हा वर्षही झाले नव्हते. पडदा काळा होताच लोक ओरडले, "अहो, प्रोजेक्टर बिघडला!" गिरीशने उठून हॉलचे दिवे लावले. काडी अजून पेटायची होती. मला खुर्चीतून उठवेना. तेवढ्यात मागून कोणीतरी गेले आणि दिवे घालवले. जयंत होता, न बोलावता आलेला. मग तो बटणापाशीच, त्यावर हात ठेवून, चित्रपट संपेपर्यंत उभा राहिला. आणि तसाच निघून गेला.

हे सर्व जयंत दामले याला द्यावे. माफी नाहीच. पण चित्रपट जिथे दाखवेल तिथे त्याने स्वतः जावे. कुठे उभे राहायचे ते त्याला ठाऊक आहे.

(सही) मुरलीधर रामचंद्र ओगले

आम्हां दोघांसमक्ष सही केली, आम्हांला यातून काहीही मिळणार नाही:
श्यामला टिल्लू, शेजारीण (सही)
हरीश गुर्जर, निवृत्त बसचालक (सही)

ईलिंग, १४ नोव्हेंबर २००६