न्यायाधीशबाईंच्या सपाता

रविवार, ९ नोव्हेंबर

ती. वन्सं यांस,

नमस्कार. तुमचे गुडघे, तुमची मांजर आणि तुमचा टीव्ही, तिघंही ठणठणीत असतील असं धरून चालते. मी मजेत आहे. फोन मुद्दामच केला नाही. फोनवर तुम्हाला निम्मं ऐकू येतं आणि उरलेलं निम्मं तुम्ही मनाने रचता. मागे माझ्या साध्या सर्दीची बातमी तुमच्याकडून चार घरी पोचेस्तोवर माझं ऑपरेशन झालेलं होतं.

तुमच्या मागच्या पत्रातले प्रश्न आधी निकालात काढते. आमच्या मालिकेतला तो खून भाच्यानेच केलाय. तुम्ही पहिल्याच भागात ओळखलंत. जो हळू बोलतो आणि सगळ्यांना उठून पाणी आणून देतो, तोच खुनी. हे मी आमच्या लेखकाला सांगितलं तर त्याचं तोंड एवढंसं झालं. म्हणाला, तुमच्या नणंदेला पगारावर ठेवू, म्हणजे बाहेर बोलणार नाहीत. आणि शेवटच्या क्षणी कोर्टाचं दार उघडून ‘थांबा’ म्हणणारा साक्षीदार इतके दिवस कुठे बसलेला असतो, हे विचारलंत. दारामागे तुटक्या खुर्च्या आहेत आणि एक पंखा आहे. तिथे तो चहा पीत उभा असतो. न्यायाधीशाने मात्र त्याला ‘काल का नाही आलास’ असं विचारायचं नसतं.

तुम्ही आवाज बंद करून नुसते चेहरे बघता आणि तरी खुनी पकडता, हे ऐकून आमच्या दिग्दर्शकाने कानाला हात लावले.

इथे इमारतीतही माझी वट वाढलीय. खालच्या बाई आणि वरचे मास्तर गळक्या पाइपावरून भांडत माझ्या दारात आले, म्हणाले निकाल द्या. मी म्हटलं, अहो मी खोटी न्यायाधीश आहे, मला कायद्यातलं ओ की ठो कळत नाही. त्यावर बाई म्हणतात, खऱ्याकडे फार वेळ लागतो. शेवटी ओट्यावर लाटणं आपटलं आणि खर्च निम्मा-निम्मा करा म्हणून सांगितलं. दोघांनीही मुकाट्याने ऐकलं. लाटण्यात काय ताकद आहे ते मला त्या दिवशी समजलं.

तर असं चाललंय. खरं तर लिहायचं होतं ते वेगळंच. पण आमच्याकडे नियम आहे, आरोपीने कबुली द्यायची ती शेवटच्या पाच मिनिटांत. आधी देऊन टाकली तर जाहिराती कुठे दाखवायच्या? तेव्हा जरा धीर धरा.

आमचं कोर्ट म्हणजे एक बंद पडलेलं गोदाम. तीन भिंती, चौथीच्या जागी कॅमेरे. माझी खुर्ची उंचावर आणि मी ही अशी, तुम्ही पहिल्या भेटीतच जिला ठमी म्हणालात ती. बुडाखाली दोन उशा घेते तेव्हा कुठे टेबलावर तोंड दिसतं. पाय लोंबकळतात. वर काळा झगा, खाली घरच्या सपाता. सात वर्षांत माझे पाय प्रेक्षकांतल्या कुणीही पाहिलेले नाहीत. पायच कशाला, न्यायाधीशबाईंचं काहीच कुणी पाहिलेलं नाही. वकिलाला प्रेमप्रकरण असतं, इन्स्पेक्टरला रागीट बायको असते, शिपायालासुद्धा एक आजारी आई असते. न्यायाधीशाला घर नसतं. तिने हातोडा आपटायचा, ‘आक्षेप मान्य’ म्हणायचं आणि दिवे गेले की संपायचं. माझी काही तक्रार नव्हती. ह्यांच्या मागे मलाही तसंच बरं वाटायला लागलं होतं.

आता एक माणूस. तुम्ही त्याला दर आठवड्याला बघता. सरकारी वकील, जाड भुवयांचे. सगळे त्यांना ‘हरणारे’ म्हणतात, कारण सात वर्षांत ते एकही खटला जिंकलेले नाहीत. समोर हिरो असल्यावर जिंकणार कसे? कितीही बिनतोड बोलोत, शेवटी दार उघडतं आणि साक्षीदार येतो. माणूस गमतीदार आहे. लग्न केलेलं नाही. का विचारलं तर म्हणतात, तारखा जुळल्या नाहीत.

माझे पाय लोंबकळतात हे एवढ्या लोकांत त्यांच्याच लक्षात आलं. जून महिन्यात त्यांनी एक छोटं लाकडी स्टूल स्वतः ठोकून आणलं, टेबलाच्याच रंगाने रंगवलं आणि गुपचूप खाली सरकवून ठेवलं. तेव्हापासून माझी कंबर दुखत नाही. तेव्हापासून चहाही आम्ही बरोबर घेतो. वन्सं, तुम्ही हुशार आहात. आता तुमची भुवई वर गेली असेल. जाऊ द्या.

गेल्या सोमवारी मेकअपच्या खोलीत आम्ही दोघंच होतो. आरशाचे निम्मे दिवे गेलेले. त्यांनी कप खाली ठेवला आणि म्हणाले, “तुमची हरकत नसेल तर उरलेले चहा आपण एकाच घरात पिऊ.”

आणि मी काय केलं ते ऐका. आमच्या मालिकेत कुणी धक्कादायक बोललं की ऐकणाऱ्याने तस्साच चेहरा धरून ठेवायचा असतो. कॅमेरा एकदा डावीकडून येतो, एकदा उजवीकडून, एकदा थेट नाकासमोरून. तोवर पापणीही हलवायची नाही. सात वर्षं हेच केलंय, अंगात मुरलंय. मी हनुवटी वर करून दगडासारखी बसले आणि कुणीतरी ‘कट’ म्हणायची वाट बघत राहिले. कोण म्हणणार? त्यांनी बिचाऱ्यांनी थोडं थांबून बघितलं, “समजलो” म्हणाले, दोन्ही कप उचलले आणि गेले. हरायची सवय झालेला माणूस, वादसुद्धा घातला नाही.

दुसऱ्याच दिवशी त्यांनी लेखकाला सांगून टाकलं की मला मालिकेतून मोकळं करा. लेखकाला काय, तो खूशच झाला. येत्या शुक्रवारी कोर्टाच्या पायऱ्यांवर त्यांना गोळी लागणार आहे. कालच्या चित्रीकरणात त्यांच्या पाकिटातून मुलीचा फोटोही काढून झाला. तुम्हाला माहीतच आहे, फोटो निघाला की माणूस गेला. मुलगी कुठल्याशा जुन्या कॅलेंडरवरची आहे.

मला त्यांना ‘हो’ म्हणायचंय, वन्सं. झाली कबुली.

पण तुम्हाला विचारल्याशिवाय म्हणणार नाही. हे गेले तेव्हा तुम्ही चार महिने माझ्याकडे राहिलात. सकाळी मला आंघोळीला ढकललंत, डबा हातात दिलात, शूटिंगला जा म्हणालात. माझं माहेर केव्हाच आटोपलं होतं. माझं म्हणावं असं माणूस तुम्हीच. आणि मी दुसऱ्याची झाले तर तुम्ही माझ्या कोण, हे मी आठवडाभर शोधतेय. त्या नात्याला शब्दच सापडत नाही. ह्यांची आठवण रोज येते, ती येतच राहील. पण तुम्ही दुरावणार असाल तर मला हे काही नको. मी शुक्रवारी आपली गप्प बसेन. तेवढं मला येतं.

काय असेल तो निकाल कळवा. मी उभी आहे.

तुमची
ठमी


बुधवार, १२ नोव्हेंबर

ठमे,

आशीर्वाद. पत्र काल मिळालं. वाचायला चष्मा लागला, कळायला लागला नाही. मला हे जूनपासून माहीत आहे.

अगं, मी आवाज बंद करून बघते. मला तेवढे चेहरेच दिसतात. तो भुवयावाला हरला की सगळं कोर्ट त्या हिरोकडे बघतं. न्यायाधीशबाई तेवढ्या हरलेल्याकडे बघतात आणि मान खाली घालून हसू गिळतात. मी तेव्हाच मांजरीला म्हटलं, हिचं काहीतरी आहे. तू कधी बोलतेस याची वाट बघत बसले होते. पाच महिने लावलेस. तुमच्या मालिकेतला तो भाचासुद्धा याहून लवकर कबूल करेल.

आता नीट वाच. काल रडले मी. खोटं कशाला सांगू? भाऊ आठवला म्हणून रडले, तुझ्यावर रागावून नाही. संध्याकाळी त्याच्या फोटोला सगळं पत्र मोठ्याने वाचून दाखवलं. तो असता तर स्टुलाबद्दल त्याने कॅमेरावाल्यावर संशय घेतला असता. त्याचा अंदाज जन्मात कधी बरोबर आला नाही, तुझ्याशी लग्न केलं तेवढा सोडून. चांगल्या माणसाने तुझ्या पायांखाली स्टूल ठेवलं याचं त्याला वाईट वाटलं नसतं. उलट, आपल्याला कसं सुचलं नाही म्हणून खट्टू झाला असता.

शब्द सापडत नाही म्हणतेस. सोपा आहे. वन्सं. नवऱ्याची बहीण ती वन्सं, एवढाच नियम ना? मग मला वन्संच राहायचं असेल तर तुझ्या नवऱ्याने माझा भाऊ व्हायला हवं. माझी एवढी एकच अट आहे. त्याला विचार, जमेल का. बहीण सत्तरीपलीकडची आहे, कमी ऐकते आणि नको तिथे नाक खुपसते, हेही आधीच सांग. मागाहून फसवलं म्हणायला नको.

आणि शुक्रवारी त्याला मरू देऊ नकोस. तुमच्याकडे मेलेला माणूस परत आणायचा म्हणजे जुळा भाऊ दाखवतात, आणि मला तो प्रकार अजिबात आवडत नाही.

दार उघडून ‘थांबा’ म्हणायला एकजण लागतो. इतके दिवस कुठे होतीस, असं कुणी विचारणार नाही. जा.

तुझी, होते तशीच,
वन्सं


रविवार, १६ नोव्हेंबर

ती. वन्सं,

तुमचं पत्र गुरुवारी संध्याकाळी आलं. जिन्यातच फोडलं आणि जिन्यातच बसून रडले. खालच्या बाईंना वाटलं पाइपाचा निकाल फिरला.

शुक्रवारी ठरवलं होतं, चहाच्या वेळेला शांतपणे बोलू. वकीलसाहेब मात्र मला बघितलं की वाट बदलायचे. त्यातून दिग्दर्शक म्हणाला, उजेड झकास आहे, पायऱ्यांचा प्रसंग आत्ताच घेऊ. मी मेकअपच्या खोलीत झगा घालून बसले होते, तेवढ्यात बाहेर ‘अॅक्शन’ ऐकू आलं. मग मी उठले आणि धावले. साठीला टेकलेली बाई, अंगात झगा, पायात सपाता. कोर्टातून, त्याच त्या दारातून, पंखा ओलांडून बाहेर. मारेकऱ्याने पिस्तूल रोखलेलं. मी ओरडले, “थांबा!”

सगळे थांबले. कॅमेरा तेवढा चालू राहिला.

मी पायऱ्यांवर उभी राहून म्हटलं, “त्या दिवशी मी गप्प बसले ती सवयीने. ते ‘नाही’ नव्हतं. माझं उत्तर हो आहे.”

आणि त्यांनी काय करावं? चेहरा धरून ठेवला. हनुवटी वर, पापणी हलेना. मारेकरी हळूच दिग्दर्शकाला विचारतोय, “साहेब, मी गोळी घालू की नको?” तेव्हा कुठे हे हलले. म्हणाले, “म्हणजे मी जिंकलो?”

मी म्हटलं, “हो. आणि वर अपील नाही.”

लोकांनी टाळ्या वाजवल्या. दिग्दर्शक कपाळाला हात लावून बसला, कारण न्यायाधीशबाईंच्या सपाता चित्रात आल्या होत्या. लेखकाला मात्र आनंद झाला. म्हणतो, हाच भाग दाखवू, वकील जिवंत ठेवू आणि बाईंना आता एक घर देऊ. काल मला पडद्यांचा रंग विचारत होता. सात वर्षांनी न्यायाधीशबाईंना दोन खुर्च्या, एक कपाट आणि चहाचे कप मिळतायत. पडदे तुमच्या पसंतीचे घेऊ.

तुमची अट त्यांना सांगितली. तुमचं पत्र मागून घेतलं, दोनदा वाचलं आणि खिडकीशी जाऊन उभे राहिले. त्यांना भावंड कधीच नव्हतं, वन्सं. हे मलाही परवाच कळलं. मग येऊन पेन मागितलं. खालचं अक्षर त्यांचं आहे.

तुमची, आहे तशीच,
ठमी

ता. क.

ती. ताईंस,

नमस्कार. मी आजवर समोरच्याचं कुठलंही म्हणणं वाद घातल्याशिवाय मान्य केलेलं नाही आणि एकही वाद जिंकलेलो नाही. तुमची अट ऐकली. वाद नाही. येत्या रविवारी आम्ही दोघं येतो. तुम्हाला कमी ऐकू येतं याची काळजी करू नका, सात वर्षं मी ओरडण्याचाच पगार घेतोय. तुमच्या भावाच्या फोटोजवळ मला थोडा वेळ बसू द्या. आणि मला काय म्हणून हाक मारायची ते तुम्हीच ठरवून ठेवा, तशी हाक मला कुणी कधी मारलेली नाही.

तुमचा धाकटा भाऊ