सोजर : अर्थ, उगम आणि मार

रविवार, ९ नोव्हेंबर. सकाळी ६.१०

नवी वही सुरू. जुनी काल कात्रजला राहिली, व्याह्यांच्या फुटक्या टीपॉयखाली.

नात होऊन आज सात दिवस. वजन ३ किलो १४० ग्रॅम. खरं तर १४५. काटा शून्यावर नव्हता, ते मी सिस्टरच्या लक्षात आणून दिलं. सिस्टरने मला बाहेर बसवलं. त्यामुळे नातीला अजून हातात घेतलेलं नाही. घाई नाही.

कालचा वृत्तांत. सूनबाई शेफाली बाळंतपणाला माहेरी, कात्रजला आहे. तिने नाव सुचवलं: सोजर. माझ्या आईचं. आयटीतली मुलगी, पण म्हणाली की बाबा, युनिक आहे, आमच्या अख्ख्या कंपनीत एकही सोजर नाही. माझा ऊर भरून आला. तेवढ्यात तिचे वडील दत्तप्रसाद म्हणाले, मी मोबाईलवर बघितलं, सोजरपुढे 'अर्थ उपलब्ध नाही' असं येतं. पुण्यात नाव सांगितलं की लोक लगेच अर्थ विचारतात. त्यापेक्षा शनाया ठेवा. मी शांतपणे टीपॉयवर हात ठेवला. काच फुटली. आधीच तडकलेली असणार.

ठरलं ते असं: बारसं ७ डिसेंबरला कात्रजला. तोवर मी सोजरचा अर्थ पुराव्यानिशी आणायचा. नाही आणला तर शनाया.

कंप्रेसरच्या कारखान्यात एकवीस वर्षं स्टोअर सांभाळलं. साडेअकरा हजार सुटे भाग, प्रत्येकाचं नाव, प्रत्येकाचं कार्ड. एका शब्दाचं काय घेऊन बसलात. शिक्षण दहावी, पुढचं सगळं स्वतःचं स्वतः.

संकल्प : (१) अर्थ शोधणे. (२) हात न उचलणे. स्वभाव मुळात शांतच आहे, तो लोकांपर्यंत पोहोचत नाही.

आई (वय ८४) म्हणाली, मच्छ्या, नावाचं मला इचार की. म्हटलं, सवडीने. संशोधनात ऐकीव माहिती शेवटी घेतात.

गुरुवार, १३ नोव्हेंबर. डाव्या हाताने लिहीत आहे

बुधवार पेठेत जुन्या पुस्तकांच्या दुकानात जाडजूड शब्दकोश सापडला. मी एक टोक धरलं तेव्हा दुसऱ्या टोकाला एक टक्कल पडलेले गृहस्थ होते. ते म्हणाले, अहो, हा मी धरलाय. मी म्हणालो, मीही धरलाच आहे. थोडी ओढाताण झाली. 'अ ते न' त्यांच्याकडे गेला, 'प ते ज्ञ' माझ्याकडे. ते गाईडांच्या गठ्ठ्यावर पडले. माझं कोपर त्यांच्या हनुवटीला लागलं म्हणतात. मी पाहिलेलं नाही. दुकानदाराने शटर ओढलं. माझं उजव्या हाताचं बोट तिथेच होतं.

चार टाके. पण मला हवा तो भाग मिळाला. 'स'ची थोडी पानं वाळवीने खाल्ली आहेत. 'सैरभैर'नंतर एकदम 'सौदा' येतो. म्हणजे सोजरविरुद्ध एकही पुरावा नाही.

संकल्प क्र. २ पुन्हा, सोमवारपासून.

सोमवार, १७ नोव्हेंबर. सकाळी ८.२०

सापडलं. स अधिक ओजस्. ओजस् म्हणजे तेज. पुढे 'र' प्रत्यय, 'मधुर'मध्ये असतो तोच. सोजर म्हणजे तेजासहित असलेली, तेजस्विनी. एवढी वर्षं कुणाला सुचलं नाही याचं नवल वाटतं.

आनंदाच्या भरात साईनाथच्या पाठीत थाप मारली. चिरंजीव चहा पीत होते. चहा लॅपटॉपवर, लॅपटॉप मीटिंगमध्ये. त्याने मला ढकललं, मी फ्रिजवर, फ्रिजवरचा कुकर माझ्यावर. कपाळाला खोक. लांबी ३ सेंमी, मोजली. मुलगी रुपाली मध्ये पडणार होती, पण तिला पाचवा महिना आहे, म्हणून लांबूनच आम्हा दोघांना बोलली.

पुस्तिका काढायची. 'सोजर : एक तेजस्वी व्युत्पत्ती'. ३२ पानं, २०० प्रती. मुखपृष्ठावर आईचा लग्नानंतरचा फोटो. शेजारी माझे थोरले चुलते, तोंड घट्ट मिटून. पान ११ वर तळटीप दिली: त्यांचे समोरचे दोन दात बैलाने पाडले होते. तपशील चुकता कामा नये.

आईला तळटीप वाचून दाखवली. 'बैल व्हय,' म्हणाली आणि डोळ्यांना पाणी येईपर्यंत हसली. वय झालं आता.

आमची मंदाकिनी म्हणाली, सासूबाई समोर खाटेवर बसल्यात, त्यांनाच विचारा की. बायकांना संशोधनाची पद्धत कळत नाही.

शनिवार, २२ नोव्हेंबर. दुपारी

आमचं शेत होतं तिथे आता सोसायटी आहे. तिसऱ्या मजल्यावर माधवराव राहतात, मराठीचे निवृत्त शिक्षक. त्यांना पुस्तिका दिली होती. आज बोलावलं.

म्हणाले, 'वाचली. कागद चांगला आहे.'

मग म्हणाले, स आणि ओजस् यांचा संधी सौजस् होतो. आपण आपल्या नातीचं नाव सौजर ठेवणार आहात का? मी सांगितलं की 'औ'चा 'ओ' झाला असणार, शेकडो वर्षांत झिजला असणार. त्यांनी विचारलं, कुणी घासला?

इथपर्यंत मी शांत होतो. नंतर त्यांनी आतून शब्दकोश आणला. तोच, पण वाळवी न लागलेला. 'सोजीर, सोजर : पुल्लिंगी. गोरा शिपाई. इंग्रजीतील सोल्जरवरून.'

माझी आई गोरा शिपाई. तेही पुल्लिंगी.

शब्दकोश माझ्या हातून त्यांच्या दिशेने गेला. वजन अंदाजे २ किलो ३०० ग्रॅम. त्यांच्या खांद्याला लागून फिशटँकवर पडला. मासे वाचले, दोन्ही. पाण्यात उभ्या माधवरावांनी माझा कान धरला. शिक्षकांची पकड निवृत्तीनंतरही जात नाही. कान पिळतच मला जिन्यापाशी नेलं आणि उठाबशा काढायला लावल्या. किती ते लिहीत नाही.

अकरा.

उजव्या कानात शिट्टी वाजते आहे. व्युत्पत्तीवर परिणाम नाही.

शुक्रवार, २८ नोव्हेंबर

माधवरावांनी सगळा प्रकार सोसायटीच्या ग्रुपवर टाकला, तिथून तो कात्रजला पोहोचला. सकाळी शेफालीचा फोन. आवाज चढवला नाही, त्यामुळे जास्त ऐकू आलं.

'बाबा, आता आणखी एक मारामारी झाली तर बारशाला तुम्ही नाही. तुम्ही तिच्या नावासाठी चार जणांना मारलंत, पण तिला एकदाही घेतलं नाहीत.'

चार नाहीत. टीपॉय धरला तरच चार होतात. पण मी दुरुस्ती सुचवली नाही. प्रगती आहे.

संकल्प : रविवारी कात्रजला जाऊन व्याह्यांची माफी मागणे, नातीला हातात घेणे. तयारी म्हणून नखं कापली. मिशी टोचेल म्हणून कडेने कातरली. घरातल्या उशीवर धरायचा सराव केला. मान तळव्यावर, बूड कोपरावर. जमतं.

रविवार, ३० नोव्हेंबर. संध्याकाळी ५.००

साईनाथबरोबर पेढे घेऊन गेलो. माफीची दोन वाक्यं पाठ केली होती. पहिलं निम्मं झालं.

व्याही म्हणाले, या, या, सोल्जरसाहेब.

पेढ्यांचा बॉक्स त्यांच्या डोक्यावर कसा फुटला ते नीट आठवत नाही. त्यांनी माझी गळपट्टी धरली, मी त्यांची बंडी. सोफ्यावरून खाली आलो, खालून बाल्कनीत. तिथे दत्तप्रसाद चावले. टाके घातलेल्या बोटालाच, म्हणजे माहिती काढून चावले. मी त्यांचं डोकं कुंडीवर दोनदा आपटलं. एकदा व्याही म्हणून, एकदा बोटाबद्दल. कुंडी कठड्यावरून खाली गेली आणि कुणाच्या तरी स्कूटरच्या सीटवर बसली.

वर बघितलं तर दारात शेफाली. हातात पिवळं दुपटं, दुपट्यात ती. डोळे उघडे होते. माझ्याकडेच बघत असावी. या वयात नजर फुटभराच्या पुढे जात नाही असं वाचलंय, पण बघत होती.

मी हात पुढे केले. दोन्ही हातांवर रक्त होतं. माझं किती आणि व्याह्यांचं किती, सांगता येणार नाही. शेफाली आत गेली. कडी लावल्याचा आवाज आला, डाव्या कानाने ऐकला.

अशा हातांनी बाळाला घेऊ नयेच. आरोग्याचा प्रश्न आहे.

येताना रिक्षात साईनाथ म्हणाला, सोजर ठेवू, शनाया ठेवू, काहीही ठेवू, पप्पा, तुम्ही बारशाला येऊ नका. वाघोलीला घर येईपर्यंत मी मीटर वाचत आलो.

बुधवार, ३ डिसेंबर. सकाळी १०.३०

आईने खोलीच्या दारात काठी आडवी लावली आणि म्हणाली, आता ऐकल्याबिगर हलायचं न्हाई. बोट, कान, कपाळ, तिन्ही दुखत होतं, म्हणून बसलो. वही घेतली. साधन म्हणून नोंद करायला हरकत नाही.

तिचं माहेरचं नाव सोजर नव्हतंच. चौथी मुलगी म्हणून बापाने नाव ठेवलं होतं नकुसा.

मी म्हणालो, शुद्ध रूप नकोशी.

काठी. डावा गुडघा.

वयाच्या तेराव्या वर्षी लग्न होऊन या घरात आली. सासऱ्याने नाव विचारलं, हिने सांगितलं. थोरल्या दिराला, म्हणजे माझ्या थोरल्या चुलत्याला, फार मजा वाटली. पाणी दे नकुसा, वाढ गं नकुसा, जा गं नकुसा. तीन दिवस. चौथ्या दिवशी ही नदीवरून भरलेली तांब्याची कळशी घेऊन आली. दारात चुलते उभे. पुन्हा तेच म्हणाले. आईने कळशी खाली ठेवली नाही. तोंडावर ठेवली.

दोन दात. बैल नव्हता.

सगळं घर हिला मारायला धावलं. पण सासरा, म्हणजे माझे आजोबा, खडकीला गोऱ्यांच्या पलटणीत घोड्यांना खरारा करून आलेला माणूस. ओसरीवर पोट धरून हसला. म्हणाला, अरं हिला हात लावू नका, ही सोजीर हाय सोजीर. त्या दिवसापासून ती सोजर. पुन्हा कुणी नकुसा म्हटलं नाही.

'मला ह्ये नाव कुणी ठिवलं न्हाई, मच्छ्या. दोन दातांना पडलंय.'

मी विचारलं, हे तू मला कधी का सांगितलं नाहीस?

काठी. उजवा गुडघा. म्हणाली, चोपन्न वरसं तुझ्यासमोर बसलेय, तू म्हातारीचं नाव पुस्तकात हुडकतुयास.

नंतर तिने शेफालीला फोन लावायला सांगितला आणि मला बाहेर काढलं. चाळीस मिनिटं बोलत होत्या. दोनदा हसण्याचा आवाज आला.

शुक्रवार, ५ डिसेंबर. दुपारी २.१५

शेफालीचा मेसेज : 'बाबा, रविवारी या. नाव सोजरच. आजी म्हणतात बारशात तुमचं काम आहे.'

काम आहे. शेवटी अभ्यासाची दखल घ्यावीच लागली. प्रमुख वक्ता म्हणून बोलावलं असणार, दुसरं काय काम. पंचवीस मिनिटांचं भाषण तयार केलं. दोन्ही व्युत्पत्ती मांडीन. तेजाला अठरा मिनिटं, शिपायाला सात. समतोल हवा.

संकल्प क्र. २ : रविवारी काहीही झालं तरी हात वर जाणार नाहीत. आईने ऐकलं, म्हणाली, तेवढं जमलंच तुला.

रविवार, ७ डिसेंबर. संध्याकाळी. पालथा पडून लिहीत आहे

पाळण्याला झेंडूच्या माळा. घुगऱ्यांचं पातेलं. पंचवीस-तीस बायका, वाघोलीच्या, कात्रजच्या आणि माधवरावांच्या मिसेस. व्याही डोक्याला पट्टी बांधून कोपऱ्यात. नमस्कार केला. त्यांनीही केला, दात न दाखवता.

मी भाषणाचे कागद काढले. आई म्हणाली, ठिव ते.

बायकांनी गोविंद घ्या, गोपाळ घ्या केलं. आत्या म्हणून रुपाली पाळण्यात वाकली, बाळाच्या कानात कुर्र केलं, नाव सांगितलं. आता रीत अशी की नाव सांगणाऱ्या आत्याच्या पाठीत बायका बुक्के घालतात. पण रुपालीला पाचवा महिना. बायकांच्या मुठी वळलेल्या, आणि पाठ नाही.

आई म्हणाली, 'मच्छ्या, वाक.'

मी प्रमुख वक्ता नव्हतो.

एकूण बुक्के ४१. त्यांतले रीतीपुरते १२, मनापासून २९. माधवरावांच्या मिसेसनी फिशटँकबद्दल दोन वेगळे घातले, सांगून घातले. विहीणबाईंनी टीपॉय, कुंडी आणि डोकं असे तीन मोजले. मंदाकिनीचा एकच. एकतीस वर्षांचा असावा. श्वास काही वेळ बंद होता. हात वर गेले नाहीत. जाऊ शकत नव्हते.

उठता येईना तेव्हा मला तिथेच पाळण्यापाशी बसवलं. शेफालीने माझे दोन्ही तळवे उलटसुलट करून बघितले. स्वच्छ होते. मग तिने ती माझ्या हातांत दिली.

मान तळव्यावर, बूड कोपरावर. उशीपेक्षा गरम असते, हे सरावात कळलं नव्हतं. मी म्हटलं, सोजर. तिने मूठ सोडवली आणि माझ्या नाकावर मारली. चष्मा घुगऱ्यांत पडला. आई म्हणाली, नाव कळलं बघ तिला.

कुणी हसलं असेल. मला नीट दिसत नव्हतं. चष्मा नव्हता, शिवाय डोळ्यांत धूर गेला होता. धूर कशाचा ते पाहायला हवं, उदबत्ती विझलेली होती.

पुस्तिकेच्या १८७ प्रती शिल्लक. शुद्धिपत्र जोडायचं ठरवलं आहे. मसुदा :

पृष्ठ ११, तळटीप : 'बैलाने' ऐवजी 'आईने' असे वाचावे.

पृष्ठ १ ते ३२ ऐवजी 'शिपाई' असे वाचावे.