शहापुरातला पहिला बायोस बॅकअप

३ नोव्हेंबर, सकाळी ७
कॉम्प्युटरचा जीव बायोसमध्ये, म्हणजे त्याला सुरू करणाऱ्या मूळ प्रोग्राममध्ये असतो. तो गेला की कॉम्प्युटर म्हणजे नुसतं डबडं. अख्ख्या शहापुरात त्याचा बॅकअप कोणी घेतलेला नाही. मी घेणार. आजच.

दुपारी
युटिलिटी डाउनलोड केली. दमलो. उद्या.

५ नोव्हेंबर
आमच्या लेकीच्या, शाल्मलीच्या लग्नाच्या शालूचं डिझाइन तिच्या आईने, बेबीने, स्वतः केलंय. पदरावर काजूची बोंडं. बेबीचं माहेर जांबोटी, काजूच्या बागांचं गाव. दोन महिने खपत होती. वीस तारखेला विणकर यल्लाप्पाच्या मागावर चढणार. मी बजावलं, बायोसच्या कामात काहीही होऊ शकतं, कॉम्प्युटरवर ठेवू नकोस, पेनड्राइव्हवर हलव. तिने निमूट हलवलं. घरात एक तरी जाणता माणूस लागतो.

९ नोव्हेंबर, सकाळी १०
युटिलिटीला कोरा पेनड्राइव्ह हवा. बाजारात जायचा कंटाळा. शिलाई मशीनच्या ड्रॉवरमध्ये एक बेवारस मिळाला. आत एकच फाइल, 'नवीन नवीन २'. असल्या नावाच्या फाइलमध्ये कामाचं काय असणार? फॉरमॅट.

१०.४०
झाला! सोळा एमबी. डोळ्यांत पाणी आलं. देवापुढे साखर ठेवली.

१२ नोव्हेंबर
एकच प्रत धोक्याची. बाजारातून आणखी तीन पेनड्राइव्ह आणले. एक देव्हाऱ्यात, एक तांदळाच्या डब्यात. तिसरा बसने शिनोळीला नेऊन मावसभाऊ महादेवकडे दिला. शिनोळी महाराष्ट्रात, आम्ही कर्नाटकात. सीमाप्रश्नाचा निकाल कसाही लागो, बायोस दोन्हीकडे. महादेवने विचारलं, ह्येचं करायचं काय? म्हटलं, काहीच नाही, नुसता जपायचा. म्हणाला, बरं, मग जेवून जावा.

२० नोव्हेंबर, सकाळी ११
यल्लाप्पा आलाय. माग रिकामा ठेवलाय म्हणतो. बेबी शिलाई मशीनच्या ड्रॉवरमध्ये पेनड्राइव्ह शोधतेय. मीही शोधतोय. कॉम्प्युटर मात्र उत्तम. बायोसला धक्का नाही.

दुपारी १
सांगून टाकलं. बेबी ओरडली असती तर बरं झालं असतं. एवढंच म्हणाली, लग्नात पोरीला तुमचा बायोसच नेसवा.

२१ नोव्हेंबर
यल्लाप्पाने आठ दिवस दिलेत. बेबी आलेखाच्या कागदावर एकेक बोंड पुन्हा काढतेय. मला कॉम्प्युटरच्या खोलीत बंदी. पेन्सिलींना ब्लेडने टोक करून द्यायचं काम मी मागून घेतलं. एका पेन्सिलीला फारच सुरेख टोक आलं. बाकीच्यांसाठी बेबीने शाल्मलीला शार्पनर आणायला पाठवलंय.