तरवडाचं पाणी

मंगळवार, १४ मार्च

प्रिय बारकीस,

आशीर्वाद. तुझं पत्र शनिवारी मिळालं. खोकला गेला हे वाचून बरं वाटलं. मी पाठवलेलं औषध तू पुरतं घेतलं नसशील, ते असो. इकडे ठीक आहे. औषधांच्या दुकानात नवी कपाटं आली आहेत, त्यामुळे आठवडाभर मलाच बाटल्या सापडत नाहीत. मालक म्हणाले, "बाई, अठरा वर्षांत तुम्हाला काही शोधताना पहिल्यांदाच बघतोय." आईची खाट वरच्या मजल्यावरच्यांना दिली. शिवणयंत्र ठेवलं आहे.

तू लिहिलंस की रविवारी गाडी घेऊन येतेस, आईच्या वस्तूंतलं दुसरं काही नको, फक्त तरवड नेणार. कुंडीला गोणपाट गुंडाळ, फांद्या सैल बांध, असंही बजावलंस. म्हणून हे पत्र आजच टाकते आहे.

गाडी आणू नकोस. तरवड गेला.

कीड लागली असं लिहिलेला एक कागद काल फाडून टाकला.

आई गेली म्हणून तू आलीस तेव्हाच तो गेलेला होता. तू विचारलंस आणि मी म्हटलं, गच्चीवर उन्हात ठेवलाय, किल्ली शेजारच्या काकूंकडे आहे आणि त्या परगावी गेल्यात. किल्ली माझ्या पर्समध्ये होती.

आठ वर्षांपूर्वी त्या कोरड्या माळावर नव्या रस्त्याची मोजणी करत होतीस, तेव्हा तू आईला तिथल्या तरवडाच्या शेंगा पाठवल्या होत्यास. बी इतकं टणक, की आईनं एकेक बी काचकागदावर घासलं, गरम पाण्यात भिजवलं आणि मग पेरलं. तिचा नियम तुला माहीत आहे. मातीत दोन पेरं बोट घालायचं, कोरडं लागलं तरच एक वाटी पाणी. ती पडल्यावर बोट माझं आणि नियम तिचा. खाटेवरून तिला गॅलरी दिसत नव्हती. रोज सकाळी पहिला प्रश्न तरवडाचा. मी रात्री झोपले का, हा प्रश्न कधी आला नाही. तू येणार असलीस की मात्र आदल्या दिवसापासून केस विंचरून बसायची.

नोव्हेंबरात डॉक्टर आले होते. झाड पिवळंधमक फुललं होतं. ते म्हणाले, छान राखलंय. आई म्हणाली, "बारकीचं आहे. तिचा जीव आहे त्यात." डॉक्टरांनी हसून माझ्याकडे बोट केलं आणि विचारलं, "आणि या?" मी तेव्हा तिची चादर बदलत होते.

आई म्हणाली, "ही का? ही असतेच."

तिच्या मनात वाईट काही नव्हतं. पिकतं तिथं विकत नाही, एवढंच. पण दुसऱ्या दिवसापासून मी झाडाला सकाळी एक तांब्या आणि संध्याकाळी एक तांब्या पाणी घालू लागले. चुकून नव्हे. मी दिवसभर लोकांना औषधाची मात्रा समजावून सांगते. किती झालं की बाधतं, हे मला कोणी शिकवायला नको. आई विचारायची, "पाणी घातलंस?" मी म्हणायचे, "घातलं." खोटं काहीच बोलत नव्हते.

तीन आठवड्यांत पानं पिवळी पडून गळायला लागली. शेवटचा एक घोस उरला होता, तो तिच्या उशाशी ठेवला. तिनं फूल बोटांत धरलं, देठ दाबून बघितला. मग म्हणाली, "कुंडी जरा कलती करून ठेव. पाणी निथळेल."

एवढंच. का, कशाला, काही विचारलं नाही. रागावली असती तर मला सोपं गेलं असतं. मी कुंडी कलती केली नाही. कपडे वाळत घालायचेत असं स्वतःला सांगितलं. चौथ्या दिवशी आई गेली.

तू परत गेल्यावर कुंडी उपडी केली. मुळं काळी झाली होती, वास येत होता.

बारके, तू चार दिवस होतीस, धाय मोकलून रडलीस, सगळ्यांनी तुला जवळ घेतलं. मी त्या वेळी चहा करत होते. त्याचाही मला राग आला. आईच्या मरणातही तू पुढे आणि मी स्वयंपाकघरात. हे लिहायला लाज वाटते, पण लिहिल्याशिवाय बाकीचं खरं वाटणार नाही.

शिवणयंत्राच्या खणात, बटणांखाली, मी दुकानातून आणून दिलेली एक बाटली सापडली. आत अकरा बिया. आईनं कधी साठवल्या कोण जाणे. त्यातल्या पाच मी काचकागदावर घासल्या. पहिल्या दोन जास्त घासून फोडल्या. दोन आल्याच नाहीत. एक उगवली आहे. दोन बोटं उंच, चार पानं.

उरलेल्या सहा याच पाकिटात घातल्या आहेत. त्या तुझ्याच, माळ तुझा होता. घासताना हात हलका ठेव.

रोप मात्र मागू नकोस. ते मी देणार नाही. बघायला ये, रविवारीच ये, रिकाम्या हातानं. आलीस आणि बोलावंसं वाटलं नाही तर बोलू नकोस, गॅलरीत बस. मी घरीच आहे.

सकाळी बोट घालून बघितलं. माती अजून ओली आहे. आज पाणी घातलं नाही.

तुझी,
असतेच ती,
ताई