बरणीवरची चिठ्ठी

वूस्टर, ७ जून २००४

प्रिय लीना हिस अनेक आशीर्वाद, वि. वि.

तुझा रॉयबोस चहा आणि वाळवलेली नाशपाती पोचली. दात उरलेत तेवढ्यांनी खाल्ली.

आता बसून वाच. संग्रहालयातल्या एका नव्या मुलीनं लिहिलंय की आपल्या अँड्रिसचा मासा वेगळा नाहीच. बरणीतला मासा आणि खालच्या नदीतले साधे लालपरे, सगळे एकाच जातीचे. म्हणजे माझ्या भावाचं नाव यादीतून बाद! एकतीस वर्षं मी तिथं बरण्यांवर चिठ्ठ्या लिहिल्या, भिंगाखाली खवले मोजले. त्याच्या माशाला दोन खवले कमी होते. माझ्या आकड्यावरच प्रोफेसरांनी त्याला वेगळी जात ठरवून अँड्रिसचं नाव दिलं. ही मुलगी फोनवर सांगते की मावशी, दोन खवले आता कुणी धरत नाही, माशाचा तुकडा यंत्रावर तपासतात. मी तिला विचारलं की मला मोजायला नन्सनी छडीनं शिकवलं, तुझ्या यंत्राला कुणी शिकवलं?

नाव गेलं की धबधब्यावरच्या डोहाचं संरक्षणही जाईल. गळवाल्यांचा क्लब तिथं बास सोडायला टपलाय. ते हावरट मासे आपली बोटभर पिल्लावळ दोन उन्हाळ्यांत संपवतील.

हरकतीला महिनाअखेरपर्यंत मुदत आहे. त्याच डोहातले ताजे मासे धरून तपासा, असं मी कळवणार आहे. माणसं आली की वाट तू दाखव. अँड्रिसला जाऊन दोन वर्षं झाली. 'ज्याच्या नावाचा मासा आहे' हे त्याच्या थडग्यावर कोरलंय, ते मी कुणाला खरवडू देणार नाही.

बाकी मला काही होत नाही. चहा गार होईपर्यंत कप धरून बसते, एवढंच.

लोभ आहे तसाच राहू दे.
तुझी, दोरा

क्वेपरक्लूफ, १५ जून

ती. दोराताईंना सा. न. वि. वि.

माणसं पाठवू नका.

वरच्या डोहातल्या लालपऱ्याला चार मिशा असतात, खालच्याला दोन. हे इथं शेळ्या राखणाऱ्यांनाही ठाऊक आहे. पहिल्याच जाळ्यात ती माणसं विचारतील की मग बरणीतला दोन मिशांचा मासा आला कुठून.

तो गिरणीखालच्या डोहातला. तुमचं पत्र आलं होतं की प्रोफेसर खोळंबलेत, शुक्रवारच्या टपालगाडीनं बरणी आलीच पाहिजे. वर चढून यायला अख्खा दिवस लागतो, आणि त्या आठवड्यात आमच्या मार्ताचा श्वास घुरघुरत होता. अँड्रिस पाळण्याजवळून हलला नाही. गुरुवारी दुपारी ती गेली. मग तो उठला, बादली घेऊन गिरणीखाली गेला, मासे आणले, बरणी भरली आणि चिठ्ठीवर वरच्या डोहाचं नाव घातलं. त्यानंतर तिच्या पेटीसाठी फळ्या कापल्या. मी बघत होते. मला त्यात काही चूक वाटली नाही. काहीच वाटलं नाही.

माशाला नाव मिळालं तेव्हा तो तुम्हाला खरं सांगायला वूस्टरला आला होता. तुम्ही केक आणून ठेवला होता. केक खाऊन परत आला. अँड्रिस जुलैच्या कडाक्याच्या थंडीत बर्फातून डोहापर्यंत कसा चढला, हे फादर दर वर्षी मुलांना सांगायचे. हा मान खाली घालून ऐकायचा. लोक म्हणायचे, किती नम्र माणूस!

त्याला खोटारडा ठरवू नका. बास सोडतात तर सोडू देत.

तुमच्याकडे उरला असेल तेवढा लोभ असू द्यावा.
लीना

वूस्टर, २२ जून

प्रिय लीना,

आशीर्वाद. तुझं पत्र तीनदा वाचलं.

'आलीच पाहिजे' हे माझंच. त्याखाली मी पट्टीनं दोन रेघाही मारल्या होत्या. मार्ता गेल्याची तार आणि बरणी एकाच दिवशी आली. मी आधी बरणी उघडली.

आज संग्रहालयाला कळवलं की चूक माझी. अँड्रिसनं गिरणीचा डोहच लिहिला होता, चिठ्ठी उतरवताना मी जागा चुकीची घातली. त्याची चिठ्ठी मी तेव्हाच फेकली होती, त्यामुळे पुरावा नाही. म्हाताऱ्या बाईची चूक लोक चटकन मान्य करतात. सिस्टर बर्नार्डा असत्या तर एवढ्या खोट्याला मला संध्याकाळपर्यंत गुडघ्यांवर उभं केलं असतं.

यादीतून त्याचं नाव जाईल. जाऊ दे. थडग्यावरचं राहील, तिथं भिंग घेऊन कुणी येत नाही. पण वरच्या चार मिशांच्या माशाला अजून कुणी मोजलेलंच नाही. माणसं येतील. त्यांना वर ने, लीना. गुडघे दुखतात हे मला सांगू नकोस, माझेही दुखतात.

रागावली असशील तर रागावून का होईना, लिहीत जा.
दोरा

वूस्टर, २ ऑगस्ट

प्रिय लीना,

आशीर्वाद. क्लबला परवानगी नाकारली. डोह राहिला. तुझा मासा वेगळाच निघाला, अजून बिननावाचा आहे.

त्या मुलीनं मला बोलावून घेतलं. कमरेएवढ्या गार पाण्यात उभी राहून तू तिला जाळं कसं धरायचं यावरून झापलंस, असं कौतुकानं सांगत होती. मग तिनं माझ्यापुढं दोन कोऱ्या चिठ्ठ्या ठेवल्या. तुमच्यासारखं अक्षर आता कुणाचं नाही, म्हणाली. एवढं तिला कळतं.

नव्या बरणीवर लिहिलं: वरचा डोह. पकडणारी, लीना ओकहाउस.

जुनीवर लिहिलं: गिरणीखालचा डोह. पकडणारा, अँड्रिस ओकहाउस. गुरुवार, ११ जुलै १९६८. मुलीनं विचारलं की जागा चुकली होती, तर तारीखही एकदा तपासायची का.

मी सांगितलं, तारीख बरोबर आहे.

लोभ राहू दे.
तुझी, दोरा