मालनकाकूंच्या फोटोखालची ओळ

१३ जानेवारी
प्रदर्शनासाठी फोटोग्राफर ठरला एकदाचा. दौलत मोहिते — तीस वर्षं पेपरात काढलेली. राजसदादा म्हणजे आमच्या संस्थेचे सर्वेसर्वा, म्हणाले, "चाळकऱ्यांची घरं वाचवायची तर माणसांचे चेहरे दिसले पाहिजेत." पटलं. पण मुलाखतीत आम्ही दोन प्रश्न विचारले आणि या गृहस्थांनी आम्हालाच दहा. फोटो कुठे लावणार, कोण बघणार, नावं छापणार का? नोकरी कोण कुणाला देतंय तेच कळेना.

१७ जानेवारी
लालबागची चाळ. मालनकाकू ठेवणीतली साडी नेसून सत्तावीस नंबरच्या दारात उभ्या. दौलतकाका कॅमेरा काढतील तर शपथ. चहा पीत बसले, मग हळूच, "खोली कुणाच्या नावावर?"
काकू सरळ बाई. "थोरल्या दिरांच्या. ते गावी वारले, अकरा वर्षं झाली. मालकाला कळवलंच नाय."
अर्ध्या चाळीची हीच कथा. सगळ्यांना ठाऊक असतं, कुणी बोलत नाही. यांना कशाला हव्यात या चौकशा? मला काही लक्षण ठीक दिसत नाही.

२१ जानेवारी
फोटो आले — पाठी, हात, वाळत घातलेली गोधडी. चेहरा एक नाही! फोनवर तडकलेच मी.
"चेहरा आणि खोली नंबर एकत्र नको, मॅडम."
बस, एवढंच उत्तर. दादांना सांगून चेहऱ्यांचे फोटो काढायला लावले.

२९ जानेवारी
प्रत्येक फोटोखाली मी नाव, खोली आणि खरी हकीकत लिहिली. 'दीर अकरा वर्षांपूर्वी वारले, पण त्यांच्या नावाच्या खोलीत मालनताईंनी संसार तगवला.' वाचून माझेच डोळे भरले.
दौलतकाका म्हणाले, "ही ओळ काढा."
म्हटलं, तुम्ही फोटो बघा, शब्दांचं मी बघते.

८ फेब्रुवारी
परळच्या हॉलमध्ये प्रदर्शन. पांढऱ्या शर्टातला एक माणूस मोबाईलवर ओळन् ओळ टिपत होता. "फार मन लावून लिहिलंय," म्हणाला. मी खूश.
दौलतकाका जवळ आले. "ओळखता याला? चाळमालकाच्या ऑफिसात बसतो."


९ फेब्रुवारी
सगळ्या ओळी उतरवल्या. आता काय उपयोग.

२० फेब्रुवारी
काकूंना वकिलाची नोटीस. मूळ भाडेकरू मयत, तुमचा हक्क नाही, तीस दिवसांत खोली सोडा. पुरावा म्हणून फोटो जोडलाय, खाली माझी ओळ, जशीच्या तशी. आणखी सात घरांना अशाच नोटिसा. काकूंना वाचता येत नाही. विचारत होत्या, "त्यांना कसं गं कळलं?" मी पाणी प्यायचं निमित्त करून उठले. भीती वाटते. लाजही.

२३ फेब्रुवारी
चाळीत बैठक. काकू रडत म्हणाल्या, "त्या फोटोवाल्यानंच घात केला. पयल्याच दिवशी विचारत होता, खोली कुणाच्या नावावर." सगळ्यांनी माना हलवल्या. राजसदादांनी दौलतकाकांना काढून टाकल्याचं पत्र सोबतच आणलं होतं, संस्थेच्या पत्रावर आम्हा दोघांच्या सह्या लागतात म्हणून माझ्यापुढे सरकवलं.
केली सही.